कोयता, कुलूप आणि मतदार यादी

आपला प्रश्न थोडक्यात असा आहे. बीड जिल्ह्यातील आपल्या गावातून आणि तांड्यावरून बरीच कुटुंबे दरवर्षी ऊसतोडीला जातात, गावाच्या कडेला काही भटक्या कुटुंबांची पाले आहेत, गेल्या विधानसभेच्या वेळी अनेकांना केंद्रापर्यंत जाऊनही यादीत नाव न सापडल्याने परतावे लागले, आणि आता आपल्या तरुण मंडळाने मतदान जागृतीची फेरी काढायचे ठरवले आहे. ती परिणामकारक व्हावी यासाठी काय करावे, असे आपण विचारले आहे. मराठवाड्यात हेच काम बरीच वर्षे करीत आल्यामुळे मी मत स्पष्टच सांगतो. फेरी तूर्त बाजूला ठेवा. जी माणसे मजुरी बुडवून केंद्रावर गेली आणि नाव नाही म्हणून परतली, त्यांच्या दारात जाऊन मतदानाचे महत्त्व सांगणे हे त्यांच्या जखमेवर मीठ चोळण्यासारखे आहे. तुमच्या गावात उणीव आहे ती यादीतल्या नावांची, आणि यादी मतदानाच्या कित्येक महिने आधी, पुष्कळदा तुमचे लोक फडात असतानाच ठरून जाते.

हे का होते ते समजून घ्यायचे असेल तर दोन वेळापत्रके शेजारी शेजारी मांडून पाहावीत. 1 जानेवारी हा अर्हता दिनांक, म्हणजे ज्या दिवशी वयाची अठरा वर्षे पूर्ण असावी लागतात तो दिवस, धरून मतदार यादीचे जे वार्षिक संक्षिप्त पुनरीक्षण होते, त्यात प्रारूप, म्हणजे कच्ची, यादी साधारणपणे ऑक्टोबरच्या अखेरीस प्रसिद्ध होते, दावे आणि हरकती नोव्हेंबर-डिसेंबरमध्ये घेतल्या जातात आणि अंतिम यादी जानेवारीत लागते. आता कोयत्याचे वर्ष पाहा. उचल, म्हणजे मजुरीची आगाऊ रक्कम, पावसाळ्यातच घेऊन खर्चही झालेली असते, दसरा झाला की टोळी जमवणाऱ्या मुकादमाचे फोन सुरू होतात, दिवाळी आटोपते न आटोपते तोच ट्रॅक्टर दारात उभा राहतो आणि टोळी सांगली, कोल्हापूर, सोलापूरकडे किंवा सीमेपलीकडे कर्नाटकात जाते ती गाळप संपेपर्यंत, म्हणजे मार्च-एप्रिलपर्यंत, परतत नाही. 'आपले नाव यादीत तपासा' असे शासन ज्या दिवसांत सांगत असते, त्या दिवसांत ज्याने तपासायचे तो दुसऱ्या जिल्ह्यातल्या एखाद्या उघड्या रानात कोपी घालून राहिलेला असतो आणि त्याच्या दाराला कुलूप असते. मतदान केंद्रस्तरीय अधिकारी, ज्यांना आपण सगळे बीएलओ म्हणतो, पडताळणीला उशिरा आले तर त्यांना ते कुलूपच भेटते. शेजारी 'कारखान्यावर गेलेत' असे खरेच सांगतो आणि कागदावर 'स्थलांतरित' अशी नोंद होते. यात कोणाचे कारस्थान असतेच असे नाही. बहुतेक वेळा ती बीएलओ म्हणजे आपल्याच गावातली अंगणवाडी सेविका किंवा जिल्हा परिषदेचे शिक्षक असतात, तुटपुंज्या मानधनावर हे जादा काम करतात आणि त्यांना कुलपाच्या रकान्यात काहीतरी लिहायचे असते.

मात्र कायदा या बाबतीत तुमच्या बाजूने आहे, आणि कार्यकर्त्याने पाठ करावे असे काही असेल तर ते हे आहे. लोकप्रतिनिधित्व अधिनियम, 1950 च्या कलम 19 नुसार अठरा वर्षे पूर्ण केलेली आणि त्या मतदारसंघात 'सर्वसाधारण रहिवासी' असलेली व्यक्ती नोंदणीस पात्र ठरते, आणि कलम 20 असे स्पष्ट सांगते की राहत्या ठिकाणाहून तात्पुरते दूर गेल्यामुळे कोणी तेथील सर्वसाधारण रहिवासी राहत नाही असे होत नाही. सहा महिने तोडीला जाऊन सहा महिने घरी राहणारा, शिधापत्रिका, घर, शाळेत जाणारी मुले आणि म्हातारे आईबाप गावातच असणारा माणूस कायद्याच्या दृष्टीने गावचाच रहिवासी असतो. हे कलम मराठीत छापून त्याची प्रत बीएलओंना, तलाठ्यांना आणि तहसील कार्यालयातील निवडणूक शाखेच्या नायब तहसीलदारांना सौजन्याने द्या. वाद घालण्यापेक्षा तो कागद जास्त काम करतो. त्याच कायद्याच्या कलम 22 नुसार, मृत्यूचे कारण सोडल्यास, कोणाचेही नाव 'येथे राहत नाही' म्हणून वगळण्यापूर्वी त्या व्यक्तीला म्हणणे मांडण्याची वाजवी संधी द्यावीच लागते, आणि एकदा यादीत असलेले नाव सहजासहजी काढता येत नाही, ही भूमिका सर्वोच्च न्यायालयानेही 1995 साली लालबाबू हुसेन प्रकरणात घेतली आहे. अडचण एवढीच की ही संधी देणारी नोटीसही त्याच कुलूपबंद दाराला चिकटवली जाते.

म्हणून पहिले काम म्हणजे माहितीची साखळी उभी करणे. टोळ्या गेल्यावर गावात कोण उरते ते पाहा. म्हातारी माणसे, शाळेसाठी मागे ठेवलेली मुले आणि न जाणारी काही घरे उरतात. प्रत्येक गल्लीत किंवा तांड्याच्या प्रत्येक ओळीत या उरलेल्यांपैकी एक जबाबदार व्यक्ती ठरवा. माझा अनुभव असा की ही व्यक्ती स्त्री असावी, कारण घरोघरची खरी खबर तिच्याकडेच असते. तिच्याकडे एक वही द्या आणि त्या वहीत प्रत्येक घरातील मतदारांची नावे, यादीतील भाग क्रमांक आणि अनुक्रमांक, टोळीचा मुकादम कोण, कोणत्या कारखान्याकडे गेली आणि दोन तरी मोबाइल क्रमांक लिहून ठेवा. दाराला नोटीस लागली तर त्याच संध्याकाळी तिचा फोटो फडावर गेला पाहिजे, आणि मतदार नोंदणी अधिकाऱ्यांकडे, म्हणजे बहुधा प्रांताधिकाऱ्यांकडे, 'कामानिमित्त तात्पुरते बाहेर आहोत, नाव वगळू नये' असा अर्ज घरातल्या माणसाच्या हातून पोचपावतीसह दाखल झाला पाहिजे. पोचपावतीशिवाय दिलेला अर्ज दिलाच नव्हता असे धरून चाला.

मात्र खरे काम जूनपासून सप्टेंबरपर्यंतचे आहे, कारण त्या काळात माणसे घरी असतात. पूर्वी वर्षातून एकच अर्हता दिनांक होता. 2021 च्या दुरुस्तीनंतर 1 जानेवारी, 1 एप्रिल, 1 जुलै आणि 1 ऑक्टोबर असे चार दिनांक झाले आहेत, आणि यादीचे अद्ययावतीकरण वर्षभर चालू असते. सतरा वर्षे पूर्ण केलेल्या मुलामुलींनाही आगाऊ अर्ज करता येतो. ही तरतूद ऊसतोड कुटुंबांसाठी फार मोलाची आहे, कारण दिवाळीनंतर अठरा वर्षांचा होणारा मुलगा त्या वेळी तुम्हाला गावात सापडणार नाही, पण त्याचा अर्ज जुलैतच भरून घेता येतो. यासाठी ऑक्टोबरची वाट पाहणारे मंडळ निम्मे काम आधीच गमावून बसते.

कामाची पद्धत विचाराल तर मी सगळ्यात जास्त भर यादीच्या जाहीर वाचनावर देतो. निवडणूक आयोगाच्या संकेतस्थळावरून तुमच्या केंद्राच्या यादीचा भाग उतरवून घ्या. मराठीतील यादी बहुधा चित्ररूपात असल्याने संगणकावर नाव शोधण्याचा खटाटोप फुकट जातो, म्हणून ती छापून घ्या, पुरवणी यादीसकट. मग पाऊस उघडलेल्या एखाद्या संध्याकाळी तांड्यावरच्या मंदिराच्या ओट्यावर बसून एकाने मोठ्याने घरक्रमांकानुसार नावे वाचायची आणि बसलेल्यांनी उत्तर द्यायचे. 'आहे', 'वारला', 'सासरी गेली', 'पुण्याला कायमचा गेला', 'ही कोण? आमच्यात अशी कोणी नाही.' पहिली काही नावे लोक कंटाळून ऐकतात. मग कुठे तरी सासूचे नाव सुनेच्या घरात आणि सुनेचे वय सासूपेक्षा जास्त निघते, हशा पिकतो आणि त्यानंतर कोणी उठत नाही. चार भावांचे एक घर दोन केंद्रांत विभागलेले सापडते. एका म्हातारीच्या नावावर 'विलोपित' असा शिक्का दिसतो आणि ती समोरच बसलेली असते. मला आठवते, अशाच एका वाचनात 'मयत' म्हणून वगळलेल्या आजीने विचारले होते की माझे दिवस कोणी घातले ते तरी सांगा. तिचा नव्याने भरलेला नमुना 6, म्हणजे नावनोंदणीचा अर्ज, मंजूर झाला, पण मधल्या काळातली एक निवडणूक तिच्या हातून गेली ती गेलीच. नोटिशीच्या दहा कागदांनी समजणार नाही ते या वाचनात एका संध्याकाळी सगळ्या वस्तीला समजते. आपली यादी आपण वाचली, चूक आपण पकडली, ही भावना वस्तीत रुजली की पुढची अर्जांची धावपळ तुमच्या मंडळाच्या डोक्यावर राहत नाही.

या वाचनातून निघालेल्या नावांची वर्गवारी अर्जाच्या नमुन्यांनुसार करावी. यादीत अजिबात नाव नसेल तर नमुना 6 भरावा लागतो. पत्ता बदलला, नावात, वयात किंवा फोटोत चूक झाली, ओळखपत्र हरवले किंवा दिव्यांग म्हणून नोंद करायची असेल, तर 2022 पासून या सगळ्यांसाठी एकच नमुना 8 आहे. मृत किंवा कायमचे गेलेले नाव वगळण्यासाठी नमुना 7 असतो. मृतांची नावे वगळून घेण्याचा कंटाळा करू नका. ज्या वस्तीच्या यादीत वारलेली माणसे राहतात त्या वस्तीकडे कार्यालय संशयाने पाहते, आणि त्या नावांवर कोणी तिसराच मतदान करून जातो. ग्रामसेवकांमार्फत ऊसतोड कामगारांची नोंदणी करून ओळखपत्रे देण्याचे काम गेल्या काही वर्षांत झाले आहे. ती नोंद तुमच्या ग्रामपंचायतीत झाली असेल तर ती मतदार यादीशी ताडून पाहा. अठरा वर्षांवरील कामगार एका सरकारी नोंदीत आहे आणि दुसऱ्या सरकारी यादीत नाही, हा पुरावा अधिकाऱ्यांपुढे फार बोलका ठरतो.

आधारबाबत लोकांच्या मनात विनाकारण धास्ती असते. नमुना 6 मध्ये आधार क्रमांक विचारला जातो हे खरे, पण पुरेशा कारणाने तो देता आला नाही एवढ्यावरून अर्ज नाकारता येत नाही, असे 2021 च्या दुरुस्तीतच म्हटले आहे. राहण्याचा पुरावा अर्जदाराच्या स्वतःच्या नावावर नसेल तर आई, वडील किंवा पती यांच्या नावाचाही चालतो.

हा शेवटचा मुद्दा मुख्यतः नव्या सुनांसाठी आहे, आणि तेथे थोडे थांबले पाहिजे, कारण तुमच्या यादीतील सर्वांत मोठे खिंडार तेथेच असण्याची शक्यता आहे. टोळ्या परतल्यावर उन्हाळ्यात लग्ने उरकली जातात, आणि नवरा-बायको मिळून एक कोयता धरला जात असल्याने नवी सून लग्नाच्या पहिल्याच हंगामात तोडीला जाते. तिचे नाव माहेरच्या यादीत असले तर तेथील बीएलओ 'लग्न होऊन गेली' म्हणून ते वगळतात आणि सासरी ते चढवायला कोणाला सवड नसते. आधारवर माहेरचे नाव, शाळेच्या दाखल्यावर दुसरेच, आणि घरात हाक मारतात ते तिसरे, अशा स्थितीत ती पुढची काही वर्षे कोणत्याच यादीत नसते. 1951–52 च्या पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीसाठी यादी होत असताना, मुख्यतः उत्तर भारतात, असंख्य स्त्रियांनी स्वतःचे नाव न सांगता अमक्याची आई, तमक्याची बायको अशी नोंद केली होती. मुख्य निवडणूक आयुक्त सुकुमार सेन यांनी स्वतःच्या नावाचा आग्रह धरला, मुदतही वाढवून दिली, आणि तरीही सुमारे 28 लाख स्त्रियांची नावे वगळावी लागली. त्या वेळी स्त्रीने नाव सांगितले नाही म्हणून ती यादीबाहेर राहिली. आज ती नाव सांगते, पण तिच्या तीन नावांपैकी कोणते लिहायचे यावर गाडी अडते. त्यामुळे लग्नसराई संपली की, जूनमध्येच, नव्या सुनांची वेगळी यादी करा. माहेरी नाव असेल तर नमुना 6 न भरता नमुना 8 ने ते सासरी हलवा, नाही तर दोन ठिकाणी नाव असण्याचा प्रश्न निर्माण होतो आणि तो कायद्यात बसत नाही. आधारवर जे नाव आहे तेच यादीत घ्यावे, म्हणजे केंद्रावर ओळख पटवताना अडचण येत नाही. आणि हा अर्ज तिच्या नवऱ्याकडून किंवा सासऱ्याकडून भरून घेऊ नका. तिच्यासमोर भरा, तिला वाचून दाखवा आणि सही तिची घ्या.

पालांवरच्या कुटुंबांचा प्रश्न निराळा आहे. त्यांना घरक्रमांक नसतो, रहिवासाचा दाखला मागितला तर ग्रामपंचायत टाळाटाळ करते, आणि जातीचा दाखला नसल्याने आपले काहीच होणार नाही असे त्यांनी मनाशी धरलेले असते. विमुक्त-भटक्यांना जातीच्या दाखल्यासाठी 1961 पूर्वीचा पुरावा शोधत फिरावे लागते हे खरे आहे, पण मतदार नोंदणीला जातीचा दाखला लागतच नाही, ही गोष्ट त्यांना पहिल्याच भेटीत सांगा. बेघर व्यक्तींबाबत आयोगाची सूचना अशी आहे की अर्जात दिलेल्या जागी बीएलओने रात्री जाऊन, एकाहून अधिक वेळा, ती व्यक्ती तेथेच झोपते याची खात्री करावी, आणि अशी खात्री झाल्यास राहण्याचा कागदोपत्री पुरावा मागू नये. ही सूचना छापील स्वरूपात जवळ ठेवा, आणि बीएलओ ताई असतील तर रात्री त्यांना एकटे पाठवू नका, मंडळातील दोघी-तिघींनी सोबत जावे. विरोध कोठून येईल याचाही अंदाज असू द्या. ग्रामपंचायतीच्या एका प्रभागाचा निकाल थोड्याशा मतांवर फिरतो, आणि पालांवरची मते यादीत आली की उद्या गायरानावरच्या जागेची मागणी येईल, ही भीती गावातल्या काही मंडळींना असते. ते उघडपणे असे म्हणत नाहीत. ते म्हणतात, 'हे फिरस्ते लोक, आज इथे तर उद्या तिथे.' त्यांच्याशी जातीच्या किंवा माणुसकीच्या भाषेत भांडण करून काही साधत नाही. कलम 20 पुढे ठेवावे, शाळेच्या हजेरीत पालावरच्या मुलांची नावे किती काळ आहेत ते दाखवावे आणि अर्ज दाखल करावा. अशा जमातींना जन्मानेच गुन्हेगार ठरवणारा देशपातळीवरचा गुन्हेगार जमाती कायदा 31 ऑगस्ट 1952 रोजी रद्द झाला, म्हणजे पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीचे मतदान आटोपल्यानंतर. त्या कायद्याच्या काळापासूनचा अविश्वास दोन्ही बाजूंना आहे, आणि तो अर्जाच्या एका फेरीत जात नाही.

नमुना 7 चा गैरवापर हाही एक वास्तव प्रश्न आहे. निवडणूक जवळ आली की एखाद्या वस्तीतील नावांवर एकगठ्ठा हरकती येतात. हरकत घेणारा स्वतः त्या मतदारसंघाचा मतदार असावा लागतो, हरकतींची यादी प्रसिद्ध करावी लागते, आणि जाणूनबुजून खोटे निवेदन केल्यास कलम 31 खाली एक वर्षापर्यंत कारावासाची तरतूद आहे. म्हणून प्रसिद्ध होणाऱ्या दाव्या-हरकतींच्या याद्या दर आठवड्याला पाहण्याचे काम एकाकडे कायमचे सोपवा, आणि सुनावणी लागली तर संबंधित माणसे ओळखपत्रासह हजर राहतील असे पाहा. निर्णय विरुद्ध गेला तर पंधरा दिवसांत जिल्हाधिकाऱ्यांकडे आणि त्यानंतर मुख्य निवडणूक अधिकाऱ्यांकडे अपील करता येते. अपिलाची नुसती तयारी दिसली तरी पुष्कळ वेळा खालच्या स्तरावरच दुरुस्ती होते.

तुम्ही विचारले नाही, पण विचारायला हवे होते, अशी एक बाब सांगतो. मंडळाने सगळ्यांचे अर्ज गोळा करून गठ्ठ्याने तहसीलला नेऊन द्यावेत हा मोह टाळा. एका व्यक्तीकडून किंवा संस्थेकडून आलेले एकगठ्ठा अर्ज स्वीकारू नयेत असे आयोगाचे निर्देश आहेत आणि त्यामागे कारणही आहे, कारण असे गठ्ठे कोणाच्याही फायद्यासाठी तयार करता येतात. अर्ज ज्याचा त्याने किंवा त्याच्या घरच्याने बीएलओकडे द्यावा किंवा मोबाइलवरून भरावा. तुमच्या मुलांनी शेजारी बसून मदत करावी आणि अर्जाचा संदर्भ क्रमांक वहीत उतरवावा. हे सावकाश होते, पण जी बाई एकदा स्वतः अर्ज करून पोच घेऊन येते ती पुढच्या वेळी नणंदेला घेऊन जाते. अमेरिकेत मिसिसिपीमध्ये 1960 च्या दशकात नागरी हक्क चळवळीतले कार्यकर्ते बॉब मोझेस आणि त्यांच्या सहकाऱ्यांना कृष्णवर्णीय शेतमजुरांना एकेक करून नोंदणी कचेरीत न्यावे लागे, तेथे साक्षरतेच्या नावाखाली त्यांना अडवले जाई, आणि 1965 च्या मतदान हक्क कायद्यापर्यंत ते तसेच चालू होते. आपल्याकडे संविधान लागू होण्याआधीच प्रौढ मताधिकाराच्या याद्यांचे काम शासनाने हाती घेतले होते, आणि घरोघरी जाऊन यादी करणे हे आजही शासनाचेच कर्तव्य आहे. आपण ते करून घ्यायचे आहे, शासनाच्या वतीने करायचे नाही, हा फरक कार्यकर्त्यांच्या मनात पक्का असला पाहिजे.

आता मतदानाच्या दिवसाविषयी. 2024 ची विधानसभा निवडणूक 20 नोव्हेंबरला झाली, म्हणजे हंगाम सुरू होण्याच्या ऐन दिवसांत, आणि लोकसभेला बीडचे मतदान 13 मे रोजी झाले तेव्हा टोळ्या परतलेल्या होत्या. दिवाळीनंतरच्या मतदानाला उपाय एकच, तो म्हणजे टोळी उशिरा निघणे. टोळी फडावर पोहोचल्यावर मुकादमाला सुटी मागणे व्यर्थ आहे. लोकप्रतिनिधित्व अधिनियम, 1951 चे कलम 135ब मतदानाच्या दिवशी भरपगारी सुटी देते, पण टनावर मजुरी मिळणाऱ्याला भरपगारी सुटी म्हणजे काय हे कोणी ठरवलेले नाही आणि जाण्यायेण्याचे भाडे त्याच्याच अंगावर पडते. बोलणी करायची तर उचल घेताना करा. 'मतदान झाल्याशिवाय गाडी हलणार नाही' ही अट तांड्याने एकत्र बसून, चार माणसांच्या साक्षीने मुकादमापुढे ठेवली तर ती बहुतेक मान्य होते, कारण त्यालाही कोयते गमवायचे नसतात. स्थलांतरितांसाठी दूरस्थ मतदान यंत्राचा प्रस्ताव आयोगाने डिसेंबर 2022 मध्ये मांडला होता आणि पुढच्या महिन्यात पक्षांपुढे प्रात्यक्षिकही ठेवले होते, पण ते प्रत्यक्षात आलेले नाही आणि टपाली मतदानाची सोय ऊसतोड कामगाराला मिळत नाही. त्यावर विसंबू नका. गावात राहणाऱ्या 85 वर्षांवरील आजी-आजोबांना आणि किमान 40 टक्के दिव्यांगत्व असलेल्यांना मात्र घरून मतदान करता येते. त्यासाठी निवडणुकीची अधिसूचना निघाल्यापासून पाच दिवसांत नमुना 12ड द्यावा लागतो आणि ही मुदत हमखास हुकते, म्हणून नावे आधीच काढून ठेवा.

फडावरून मतदार आणण्यासाठी उमेदवार गाड्या पाठवतात हे आपल्या भागात कोणाला सांगायला नको. उमेदवाराने किंवा त्याच्या संमतीने मतदारांची फुकट ने-आण करणे हा 1951 च्या त्याच अधिनियमाच्या कलम 123(5) खाली भ्रष्टाचार ठरतो. कायद्याचे सोडा, मंडळाने एकदा जरी अशा गाडीची सोय स्वीकारली तर तुमची वही त्या पक्षाची वही झाली असे गाव धरून चालते, आणि पुढच्या वर्षी निम्मी घरे तुम्हाला आपला मोबाइल क्रमांक देणार नाहीत. सर्व पक्षांच्या केंद्रस्तरीय प्रतिनिधींना यादीच्या वाचनाला जरूर बोलवा, पण सगळ्यांना एकाच वेळी बोलवा आणि चहा स्वतःच्या पैशाने पाजा.

केंद्रावर उपयोगी पडणाऱ्या तीन गोष्टी प्रत्येक गल्लीत सांगून ठेवा. मतदार चिठ्ठी ही ओळखपत्र म्हणून चालत नाही. मतदार ओळखपत्र नसेल तर आधार, रोजगार हमीचे जॉबकार्ड, फोटो असलेले बँकेचे किंवा टपाल कार्यालयाचे पासबुक असे पर्याय चालतात. दुसरे, नाव अनुपस्थित-स्थलांतरित-मृत यांच्या यादीत दिसले म्हणून कोणाला परत पाठवता येत नाही. मूळ यादीत नाव असेल तर काटेकोर ओळख पटवून मत द्यायला मिळते. तिसरे, आपल्या नावावर आधीच कोणी मत देऊन गेले असेल तर गप्प परत न येता प्रदत्त मतपत्रिका मागावी. ते मत नेहमीच्या मोजणीत धरले जात नाही, पण वाद न्यायालयात गेला तर तोच पुरावा असतो, आणि अशी मागणी होते हे कळले की त्या केंद्रावर पुढच्या वेळी कोणी तसे धाडस करीत नाही.

स्थानिक निवडणुकांबाबत एक सावधगिरी बाळगा. ग्रामपंचायत, पंचायत समिती आणि जिल्हा परिषद यांच्या निवडणुका राज्य निवडणूक आयोग घेतो, पण त्यासाठी तो स्वतंत्र यादी करीत नाही. विधानसभेची यादी एका ठरावीक दिनांकाला गोठवून प्रभागनिहाय विभागली जाते. नुकत्याच झालेल्या स्थानिक निवडणुकांसाठी तो दिनांक 1 जुलै 2025 होता, त्यामुळे त्यानंतर नाव नोंदवलेल्यांना मत देता आले नाही. प्रभागाच्या प्रारूप यादीवर हरकत घेतली तर चुकीच्या प्रभागात गेलेले नाव योग्य प्रभागात येते, मुळात नसलेले नाव नव्याने येत नाही. विधानसभेला आणि लोकसभेलाही नामनिर्देशनाची अखेरची तारीख उलटल्यावर यादीत बदल होत नाही, आणि अर्जावर हरकतीसाठी सात दिवस द्यावे लागत असल्याने प्रत्यक्षात त्याच्या बरेच आधी अर्ज गेलेला असावा लागतो.

शेवटी नाव चढल्यानंतरचा प्रश्न. पाच वर्षांतून एकदा बटण दाबण्यापुरते नाव चढवले तर लोक पुढच्या वेळी तुमच्यासाठी वेळ काढणार नाहीत, आणि त्यांचे बरोबरच असेल. ग्रामपंचायत अधिनियमानुसार गावच्या मतदार यादीत नाव असलेली प्रत्येक व्यक्ती ग्रामसभेची सदस्य असते, आणि वर्षातल्या ज्या ग्रामसभा सामान्यतः 26 जानेवारी, 1 मे, 15 ऑगस्ट आणि 2 ऑक्टोबरला होतात त्यांपैकी शेवटच्या तीन तुमचे लोक गावात असतानाच येतात. तांड्यावरचा रस्ता, पाण्याची टाकी, घरकुलाच्या यादीचा क्रम, हंगामात मागे राहणाऱ्या मुलांची सोय, हे विषय तेथे मांडले जातात आणि इतिवृत्तात नोंदवले जातात. गणपूर्तीला शंभर मतदार किंवा एकूण मतदारांच्या पंधरा टक्के, यांतील जो आकडा कमी असेल तो पुरतो, म्हणजे एक तांडा ठरवून आला तर त्याच्या एकट्याच्या बळावरही गणपूर्ती होऊ शकते. येत्या 15 ऑगस्टच्या ग्रामसभेच्या विषयपत्रिकेत 'मतदार यादीचे जाहीर वाचन' हा विषय घ्यावा असा लेखी अर्ज ग्रामपंचायतीकडे जुलैतच द्या आणि पोच घ्या. त्या अर्जावर आधी तांड्यावरच्या आणि पालांवरच्या मतदारांच्या सह्या घ्या, मंडळाच्या पदाधिकाऱ्यांच्या सह्या त्यांच्या खाली येऊ द्या.